अकरा फेब्रुवारीला काहीच घडले नाही

इतिहासाची खरी अडचण अशी, की तो शतकानुशतके घडत राहतो, पण त्याला राहायला जागा मात्र तीनशे सहासष्ट तारखांची. (त्यातली एक चार वर्षांतून एकदाच उघडते.) त्यामुळे तह, पूर, पूल, शोध आणि साथीचे रोग यांना एकमेकांच्या अंगावर पाय टाकून झोपावे लागते. ज्या दिवशी एखादा शूर सेनापती पडतो, त्याच दिवशी काही वर्षांनी शहरातले पहिले सार्वजनिक स्वच्छतागृह उघडते, आणि तिथून पुढे त्या दोघांचा संसार कायमचा एका खोलीत. सेनापतीला कोणी विचारत नाही, चालेल का म्हणून. स्वच्छतागृहालाही नाही.

बऱ्याच शहरांत या प्रश्नाकडे डोळेझाक केली जाते. आमच्या शहरात नाही. आमचे शहर इतिहासाच्या बाबतीत अतिशय जागरूक आहे. इथे घडलेल्या प्रत्येक उल्लेखनीय घटनेचा दिवस नगर सभागृहात पाळला जातो. उदाहरणार्थ, चौदा जून. सकाळी दहा वाजता महापुरातील मृतांना श्रद्धांजली. साडेदहाला जलतरण तलावाचा वर्धापनदिन. मध्ये पाच मिनिटे चेहरे बदलण्यासाठी मोकळी ठेवलेली असतात. श्रोते तेच, फुले तीच, बँडवाल्यांची धूनही तीच. दुःखाला संथ वाजवतात, आनंदाला भरभर. एका वर्षी अध्यक्षांच्या हातात कागद उलटसुलट आले आणि त्यांनी महापुराला उद्देशून “आपली अशीच उत्तरोत्तर वाढ होवो” असे उद्गार काढले. टाळ्या पडल्या. (तलावासाठी मग दोन मिनिटे उभे राहावे लागले. पोहणाऱ्यांनाही.)

एका पाहणीनुसार शहरातले अठ्ठ्याहत्तर टक्के नागरिक कोणत्याही क्षणी कुठल्या ना कुठल्या दिनविशेषाला बसलेले असतात. उरलेले बावीस टक्के खुर्च्या लावत असतात.

इतक्या थोर व्यवस्थेला एखादा नियम लागतोच. तो असा: ज्या तारखेला दिनविशेष आहे, त्या तारखेला दहाहून अधिक माणसांनी एकत्र जेवण्याचा खाजगी समारंभ करू नये, कारण त्याने सभागृहातली हजेरी घटते. नियम योग्यच आहे. पुरी-भाजी आणि पूरग्रस्तांची आठवण यांच्यात निवड करायला सांगितली तर माणूस कुठे जाईल, हे शासनाला पक्के ठाऊक असते.

आता माझ्या ताईचे लग्न.

ताई लिफ्ट दुरुस्त करते. तिचे ज्याच्याशी ठरले तो दंतवैद्य. दोघे तीन वर्षे थांबले होते, कारण प्रत्येक तारखेला काहीतरी घडून गेलेले होते. मे महिन्यात विचारावे तर बाजार जळाला होता, ऑक्टोबरात विचारावे तर तो पुन्हा बांधला होता. दहा माणसांत उरकता आले असते, पण आमच्याकडे नुसते फोटोत मध्यभागी कोणी उभे राहायचे यावरून भांडणारेच दहा आहेत. त्यात दंतवैद्याला दूरच्या एका शहरातल्या मोठ्या दवाखान्यात नोकरी लागली. एक मार्चला हजर व्हायचे होते. राहायची खोली मिळणार होती, पण फक्त जोडप्याला. लग्न झाले नाही तर तो एकटा जाणार, वसतिगृहात राहणार आणि ताई इथे लिफ्टच्या खड्ड्यात उभी राहून पत्रांची वाट बघणार.

“मी सांगून ठेवते,” ताई आईला म्हणाली, “फेब्रुवारी गेला तर मी कोणाशीच लग्न करणार नाही. मग बसा दिनविशेष पाळत.”

ताई एरवी आवाज चढवत नाही. त्यामुळे बाबांनी लगेच पायांत चपला सरकवल्या आणि आम्ही दिनविशेष कार्यालयात गेलो.

हे कार्यालय अग्निशमन केंद्राच्या वरच्या मजल्यावर आहे. एका भिंतीवर टपालखात्यात असतात तसे लाकडी कप्पे, एकेका तारखेला एकेक. कप्प्यांत घटनांची पुठ्ठ्याची पत्रे. खोलीत छताचा पंखा आहे, पण तो लावायला बंदी आहे. एकदा उन्हाळ्यात कोणीतरी लावला आणि मे महिन्यातला एक तह उडून सप्टेंबरात पडला. तेव्हापासून तो सप्टेंबरातच पाळतात. (दोन्ही पक्षांच्या वारसांनी हरकत घेतली नाही. हवा बरी असते म्हणाले.)

कार्यालयाच्या प्रमुख तारीखबाई. त्यांचे खरे नाव त्यांच्या आईलाच माहीत असावे. बाबांनी सगळी अडचण सांगितली. तारीखबाईंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला, उठून दाराला आतून कडी लावली आणि आम्हाला भिंतीपाशी नेले.

“हा बघा,” त्या हळूच म्हणाल्या.

अकरा फेब्रुवारीचा कप्पा रिकामा होता. आत एक कणही नव्हता. तारीखबाई तो रोज स्वतःच्या रुमालाने पुसायच्या आणि दुपारचा डबा त्याच्यासमोर बसून खायच्या, कारण सबंध इमारतीत तेवढीच एक जागा शांत होती. या तारखेला आमच्या शहरात काहीही घडलेले नाही. कोणी जन्मले नाही असे नव्हे, पण जे जन्मले त्यांनी पुढे काही केले नाही. (एकमेव रिकामी तारीख असणे हीच उल्लेखनीय गोष्ट नाही का, असा प्रश्न एका कनिष्ठ लेखनिकाने पूर्वी काढला होता. तो आता खाली पाण्याचे बंब पुसतो.)

“तारीख देते मी,” तारीखबाई म्हणाल्या. “पण ती जशी देते तशीच परत हवी. रिकामी. तुमचं लग्न उल्लेखनीय नाही, हे समितीपुढे सिद्ध करा. लग्नानंतर मी स्वतः येऊन खात्री करणार. काही घडलेलं आढळलं, तर लग्न रद्द.”

“म्हणजे नक्की काय सिद्ध करायचं?” बाबांनी विचारले.

“मुलगा साधारण, मुलगी साधारण, प्रेम साधारण. पुढच्या सोमवारी सुनावणी.”

लग्न जमवताना दोन्हीकडची माणसे आजवर जे बोलत आली, त्याच्या बरोबर उलट आता बोलायचे होते. वरवर पाहता हे सोपे वाटेल. आमच्या घराला ते डोंगराएवढे झाले. बाबांनी स्वयंपाकघरात तालीम घेतली. ओट्याला टेकून आई, स्टुलावर आत्या, मधे मी समिती.

“फुशारकी कोणीही मारायची नाही,” बाबा म्हणाले. “विशेषतः अक्का, तू.”

“मी?” आत्या म्हणाली. “मी कधी मारली रे फुशारकी? अख्ख्या गल्लीत माझ्याइतकी साधी बाई नाही, कोणालाही विचार. मागे एकदा आमदारांची बायको स्वतः—”

“अक्का!”

“बरं बाई. नाही बोलत. पण न बोलण्यातही माझा हात कोणी धरणार नाही.”

सुनावणीला समितीत तिघे होते: तारीखबाई, एक निवृत्त मुख्याध्यापक, आणि खालून बोलावून आणलेले अग्निशमन प्रमुख, कारण तिसरा माणूस लागतो आणि ते जवळ राहतात. सुरुवात दंतवैद्याच्या आईपासून झाली. या बाईंनी अप्रतिम तयारी केली होती. (हा शब्द मी तिथे वापरला नाही.)

“आमचा मुलगा तसा काही खास नाही,” त्या म्हणाल्या. “शाळेत मधल्या बाकावर. दात काढतो, पण कोणीही काढेल असे. एकदा चुकीचा काढला होता.”

मुख्याध्यापक खूश झाले. आईचे मात्र नाक लाल झाले. “चुकीचा काढला होता? हे बोलणी करताना नाही सांगितलंत ते!”

“विचारलंत कुठं?”

“आणि सूनबाई कशी वाटते?” तारीखबाईंनी विचारले.

“ती पण बेताचीच,” विहीणबाई गोड हसून म्हणाल्या. “पण आमच्या बेताच्याला शोभेल.”

हे त्या नियमाप्रमाणेच बोलल्या. पण तीन वर्षे मनात ठेवलेली गोष्ट सरकारी परवानगीने बोलायला मिळाली की माणसाच्या चेहऱ्यावर जे तेज येते, ते त्यांच्या चेहऱ्यावर आले, आणि ते आत्याने पाहिले.

“बेताची?” आत्या उभी राहिली. “माझी भाची बेताची? या शहरात लिफ्ट दुरुस्त करणारी पहिली बाई आहे ती! पहिली!”

खोलीत टाचणी पडली असती तर तिची नोंद झाली असती. कोणत्याही घटनेला ‘पहिली’ हा शब्द चिकटला की ती आपोआप उल्लेखनीय ठरते. अग्निशमन प्रमुखांनी पेन उचलले. बाबा डोक्याला हात लावून बसले. आत्याच्या लक्षात आले आणि ती तोंडावर पदर धरून मटकन खाली बसली.

तेव्हा ताई उठली.

“आत्याला नीट माहीत नाही, साहेब,” ती म्हणाली. “मी दुरुस्त करते असं नाही. मी नुसती उघडते, बघते, बंद करते. कधी चालू होते, कधी नाही होत. झाली तरी दुसऱ्या दिवशी परत बंद पडते.”

सहा वर्षांत ताईने हात लावलेली एकही लिफ्ट परत बंद पडलेली नाही. हे आम्हाला माहीत होते, तिला माहीत होते, आणि त्याच इमारतीची लिफ्ट तिनेच चालू केलेली असल्यामुळे समितीलाही माहीत होते. तिघेही वर येताना त्यातूनच आले होते. पण खोटे सरळ डोळ्यांत बघून सांगितले की शासन त्याला निवेदन मानते. प्रमुखांनी पेन खाली ठेवले.

मग दंतवैद्याला पुढे बोलावले.

“तुमचं हिच्यावर प्रेम आहे?” मुख्याध्यापकांनी विचारले.

“आहे.”

“किती?”

दंतवैद्य थांबला. माणूस सरळ आहे. ताईसाठी तो एकदा तोंड उघडे ठेवून बसलेला रुग्ण सोडून धावत गेला होता. (रुग्ण अजून तक्रार करतो, पण नीट कळत नाही.) त्याने ताईकडे पाहिले, मग छताकडे पाहिले, आणि म्हणाला, “बरं आहे. चालून जाईल इतकं.”

ताईने खाली बघून नाक पुसले. नंतर ती मला म्हणाली, “माझ्यासाठी कोणी इतकं कमी कधी बोललं नव्हतं रे.”

परवानगी मिळाली. सोबत अटी. भाषणांत ‘अविस्मरणीय’, ‘सोहळा’ आणि ‘डोळ्यांचे पारणे’ हे शब्द येऊ नयेत. फोटो काढावेत, पण एका वेळी सर्वांनी कॅमेऱ्याकडे बघू नये. जेवणाची दुसऱ्या दिवशी चर्चा होऊ नये. ना चांगली, ना वाईट. ही शेवटची अट ऐकून आचारी दोन दिवस जेवला नाही. तिसऱ्या दिवशी मात्र त्याला त्यातले आव्हान दिसले. त्याने आठ वेळा भाजी करून पाहिली. कधी जराशी चांगली व्हायची, कधी जराशी वाईट. नवव्यांदा त्याची बायको ताट संपवून उठली आणि हात धुताना म्हणाली, “आपण जेवलो का?” तेव्हा तो रडला.

सर्वांत कठीण अट पाहुण्यांची होती. नामांकित माणूस लग्नाला आला की ते लग्न राहत नाही, त्याची भेट होते. म्हणून आमंत्रण फक्त अशांनाच द्यायचे, ज्यांच्या आयुष्यात नोंद घेण्यासारखे काही घडलेले नाही आणि घडण्याचा संभवही नाही. बाबांनी नातलगांची नावे पाठवली. मामा गळाले, कारण त्यांनी एकदा विहिरीतून बकरी काढली होती. चुलतभाऊ गळाला, त्याला लॉटरी लागता लागता राहिली होती आणि तो ते सर्वांना सांगतो. न बोलावलेल्यांनी याचा एवढा अभिमान मिरवला, की आमच्या गल्लीत आजही “मला नव्हतं हो बोलावलं” असे म्हणून लोक स्वतःची ओळख करून देतात. जागा उरल्या. त्या भरायला कार्यालयाने आपल्या पद्धतीने, दूरदूरची, आम्हाला अजिबात माहीत नसलेली नावे शोधून काढली.

अकरा फेब्रुवारी उजाडला. हवा ठीक होती.

तारीखबाई सकाळपासून नगर सभागृहाच्या दाराशी खुर्ची टाकून बसल्या होत्या. अग्निशमन प्रमुख पाण्याची बादली घेऊन फिरत होते. कुठे काही पेटताना दिसले, मग ते भांडण का असेना, विझवायचे. लग्न लागले. बाबांनी भाषण केले: “सगळे आलात. बसा. जेवून जा.” पाहुणे जेवले. विहीणबाईंनी आईला विचारले, “दमलात का?” आईने “नाही हो” म्हटले. एक लहान मूल पळता पळता पडणार होते, पण पडले नाही. इतका सुरळीत समारंभ मी जन्मात पाहिलेला नाही, आणि नेमकी तिथेच माशी शिंकली.

दुपारी तीनच्या सुमारास तारीखबाईंचा चेहरा हळूहळू पांढरा पडत गेला. त्यांनी बाबांना बाजूला घेतले.

“तुमच्या लक्षात येतंय का?” त्या कुजबुजल्या. “कोणीही रुसलेलं नाही.”

“मग चांगलंच आहे की.”

“चांगलं कसलं? कोणीही न रुसता पार पडलेलं या शहरातलं हे पहिलं लग्न ठरेल! पहिलं! मला कप्प्यात पत्र टाकावं लागेल. दरवर्षी इथे भाषणं होतील. लग्न रद्द!”

चार वाजता सभागृह रिकामे करायचे होते. म्हणजे तासाभरात कोणीतरी रुसायला हवे होते, आणि तेही मनापासून. पण पाहुणे निवडून आणलेले. त्यांना कशाचे काही वाटतच नव्हते. मी एकाच्या ताटातली जिलेबी उचलली. तो म्हणाला, “घ्या ना, आणखी घ्या.” आईने विहीणबाईंना टोचून पाहिले, पण विहीणबाई आज काही लावून घ्यायला तयार नव्हत्या, सुनावणीत सगळे बोलून मोकळ्या झाल्या होत्या, त्यांच्या मनात काही उरलेच नव्हते. ताई आणि दंतवैद्य एकमेकांचा हात धरून बसले होते. घड्याळाकडे बघायचे नाही असे ठरवलेली माणसे जशी घड्याळाकडे बघतात तसे बघत होते.

“अक्का,” बाबा आत्याच्या खुर्चीपाशी जाऊन हात जोडून म्हणाले, “आता तूच.”

“मी?” आत्या म्हणाली. सुनावणीच्या दिवसापासून ती तोंडाला कुलूप लावून वावरत होती. शपथच घेतली होती तिने, की पोरीच्या लग्नात आपल्याकडून काही होऊ द्यायचे नाही. सकाळपासून तिला मागची खुर्ची मिळाली, पाणी सर्वांत शेवटी मिळाले, फोटोत फक्त तिचे कोपर आले. ती हसत होती. “मी नाही रुसले रे. खरंच नाही. किती छान चाललंय.”

“म्हणूनच तर!”

बाबांनी कानात सगळे सांगितले. आत्याने एकदा ताईकडे पाहिले. मग ती उठली, खुर्ची मागे सरकवली, आणि सभागृहाच्या मधोमध येऊन म्हणाली, “मला कोणी विचारलंसुद्धा नाही, जेवलीस का म्हणून!”

आवाज घुमला. आम्ही धावलो. “आत्या, असं काय करतेस!” “नको मला काही. जाते मी. घर आहे मला माझं.” तारीखबाई श्वास रोखून बघत होत्या. आत्याच्या अंगात खरा रुसवा चढत चाललेला दिसत होता. कोपराचा फोटो, मागची खुर्ची, सगळे एकदम वर आले. तिने पर्स उचलली. आणखी एक पाऊल पुढे गेली असती तर तो रुसवा शहराच्या इतिहासात गेला असता. पण दाराशी येऊन ती थांबली, वळली, आणि म्हणाली, “आता इतकं म्हणताय तर थोडा भात वाढा.”

मध्यम रुसवा. अगदी बेताचा. कुठल्याही लग्नात असतो तेवढा. प्रमुखांनी बादली खाली ठेवली. तारीखबाईंनी डोळे पुसले, सही केली आणि जाता जाता ताईच्या कानात म्हणाल्या, “अभिनंदन. काहीही झालं नाही.”

संध्याकाळच्या गाडीने दोघे गेले. ताईचे पत्र येते. खोली बरी आहे, तिथल्या लिफ्टही बंद पडतात, दोघांचे बरे चालले आहे. अकरा फेब्रुवारीचा कप्पा आजही रिकामा आहे आणि तारीखबाई त्याच्यासमोर डबा खातात.

आता एवढेच राहिले, की कार्यालयाने दूरदूरून शोधून काढलेल्या पाहुण्यांचे आभार मानायचे. तुम्ही डावीकडून तिसऱ्या रांगेत बसला होतात. जेवलात, हात धुतलेत, गेलात. तुम्हाला हे आठवत नाही म्हणता? बरोबर आहे. आम्हालाही तुम्ही आठवत नाही, फोटोत सगळ्यांवर बोट ठेवून झाले, तुमच्यापाशी येऊन सगळे “हे कोण?” म्हणतात. माझ्या ताईला सिद्ध करता करता रडू आले, माझ्या आत्याला शपथ घ्यावी लागली, मामा तर एका बकरीपायी गेले. तुमचे तसे काही झाले नाही. तुमचे नाव वाचले गेले, समितीने एकमेकांकडे पाहिले, आणि सुनावणीशिवाय मंजूर केले.